वस्तीलगतच्या कारखान्याचा परवाना आणि नासलेल्या विहिरी : न्यायालयात आव्हान नेमके कशाला द्यायचे?

प्रश्न थोडक्यात असा आहे. नगरपरिषद हद्दीच्या टोकाला असलेल्या वस्तीला लागून जीन्स धुण्याचा आणि त्यांचा रंग उतरवण्याचा एक कारखाना सुरू झाला. नगरपरिषदेने त्याला पाच महिन्यांपूर्वी व्यवसाय परवाना दिला. महिनाभरातच मागच्या नाल्याचे पाणी निळे दिसू लागले, आणि आता दोन विहिरींच्या पाण्याला वास येतो. रहिवाशांनी तीन तक्रार अर्ज दिले. मुख्याधिकारी म्हणतात की परवाना नियमानुसार दिलेला आहे, तर प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या उपप्रादेशिक कार्यालयातून ‘संमतीचा अर्ज विचाराधीन आहे’ एवढेच उत्तर येते. पर्यावरणाच्या कारणावरून हा परवाना न्यायालयातून रद्द करून घेता येईल का, आणि त्यासाठी कुठे जावे?

आव्हान देता येते, आणि तुमच्या हकिकतीत त्याला चांगला आधारही आहे. मात्र ‘परवाना रद्द करा’ एवढी एकच मागणी घेऊन गेलात, तर खटला जिंकूनही नाला निळाच राहण्याची शक्यता आहे. वकिलीच्या सुरुवातीच्या वर्षांत मी स्वतः ही चूक केली. एका गावातील कारखान्याचा स्थानिक परवाना हरकतदारांना न ऐकता दिला होता, एवढ्या एका मुद्द्यावर आम्ही तो रद्द करून घेतला. त्या स्थानिक संस्थेने काही आठवड्यांत सुनावणीचा सोपस्कार उरकून नवा परवाना दिला. मधल्या काळात कारखाना चालवायला प्रदूषण मंडळाची संमतीही झाली होती. तिला आम्ही हातच लावला नव्हता, आणि तिच्याविरुद्ध अपिलाची मुदत निघून गेली होती. त्या गावाचा एक अख्खा पावसाळा वाया गेला. तेव्हापासून माझ्याकडे असे प्रकरण आले की मी परवान्याचा कागद बाजूला ठेवतो आणि आधी तारखा विचारतो.

तुमच्या बाबतीतही तारखाच सर्वांत तातडीच्या आहेत. राष्ट्रीय हरित न्यायाधिकरण अधिनियम, २०१० याच्या कलम १४ खाली अर्ज करायचा असेल, तर वादाचे कारण ‘प्रथम’ उद्भवल्यापासून सहा महिन्यांच्या आत तो दाखल व्हावा लागतो. पुरेसे कारण दाखवल्यास आणखी जास्तीत जास्त साठ दिवस मिळतात, आणि त्यापुढे एक दिवसही वाढवून देण्याचा अधिकार न्यायाधिकरणाला नाही. कायद्यातील ‘प्रथम’ हा शब्द अनेकांना महागात पडतो. सांडपाणी रोज सोडले जाते म्हणून मुदत रोज नव्याने सुरू होते, असा युक्तिवाद करता येतो, पण त्यावर विसंबून स्वस्थ बसणे धोक्याचे आहे, कारण समोरचा वकील परवान्याची तारीख किंवा कारखाना सुरू झाल्याची तारीख, यांपैकी जी आधीची असेल तीच धरणार. तक्रार अर्ज, स्मरणपत्रे, लोकप्रतिनिधींना दिलेली निवेदने यांनी मुदत थांबत नाही. परवान्याच्या तारखेपासून मोजले तर तुमच्या हाती जेमतेम महिना उरला आहे, असे समजून कामाला लागा. नुकसानभरपाई आणि पर्यावरण पूर्ववत करून देण्याची मागणी कलम १५ खाली येते; तिला पाच वर्षांची मुदत आहे. त्यामुळे सहा महिने हुकले म्हणजे सगळेच संपले असे नव्हे, पण कारखाना चालू असतानाच तो थांबवण्याची ताकद कलम १४ च्या अर्जात अधिक असते.

आता ‘परवाना’ म्हणजे नेमके काय, ते पाहू. लोकांच्या बोलण्यात चार निरनिराळ्या कागदांना हा एकच शब्द लावला जातो. पहिला कागद म्हणजे गुमास्ता, अर्थात दुकाने व आस्थापना कायद्याखालची नोंद. ही कामगारांच्या सेवाशर्तींसाठीची नोंद आहे. २०१७ च्या महाराष्ट्र कायद्यानुसार दहापेक्षा कमी कामगार असतील तर केवळ कळवले तरी पुरते. त्या जागेवर तो उद्योग चालवायला परवानगी आहे, असा तिचा अर्थ होत नाही, तरीही कित्येक कारखानदार हाच कागद भिंतीवर लावून पाहणीला आलेल्या माणसाला दाखवतात. दुसरा कागद स्थानिक संस्थेचा व्यवसाय परवाना. नगरपरिषदेत तो १९६५ च्या नगरपरिषद अधिनियमाखाली दिला जातो, आणि महानगरपालिकांच्या हद्दीत १९४९ च्या अधिनियमाचे कलम ३७६ किंवा मुंबईत १८८८ च्या अधिनियमाचे कलम ३९४ लागू होते. तिसरा कागद जमिनीचा : झोन दाखला, बिनशेती आदेश, बांधकाम परवानगी आणि भोगवटा प्रमाणपत्र. चौथा कागद मंडळाच्या संमतीचा. जल अधिनियम, १९७४ याचे कलम २५ आणि वायु अधिनियम, १९८१ याचे कलम २१ यांखाली ही संमती उद्योग उभारण्यापूर्वी आणि चालवण्यापूर्वी घ्यावी लागते. यांपैकी एक कागद हाती असला म्हणून दुसऱ्याची गरज संपत नाही. मुख्याधिकारी ‘नियमानुसार’ म्हणतात ते फार तर दुसऱ्या कागदापुरते खरे असेल.

तुमच्या प्रकरणातील सर्वांत बळकट मुद्दा चौथ्या कागदाशी निगडित आहे. सांडपाणी निर्माण करणारी रंगाई, विरंजन (रंग उतरवणे), छपाई यांसारखी कापडप्रक्रिया केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या २०१६ च्या वर्गीकरणात लाल, म्हणजे सर्वाधिक प्रदूषणकारी वर्गात आहे. अशा उद्योगाला आधी संमती आणि मगच सुरुवात, हा कलम २५ चा साधा अर्थ आहे. ‘अर्ज विचाराधीन आहे’ याचा अर्थ आज संमती नाही आणि तरीही कारखाना चालू आहे, असा होतो. मंडळाच्या कार्यालयाने हे तुम्हाला लेखी दिले असेल तर तो कागद जपून ठेवा, कारण त्या एका ओळीने तुमचा निम्मा युक्तिवाद सिद्ध होतो. पण त्याच कलमात एक फट आहे, तिच्याकडे आजच लक्ष द्यायला हवे. पोटकलम (७) प्रमाणे, सर्व बाबतींत परिपूर्ण असा अर्ज केल्यापासून चार महिन्यांत मंडळाने संमती दिली नाही किंवा नाकारली नाही, तर ती बिनशर्त मिळाली असे मानले जाते. त्या कारखान्याने अर्ज कोणत्या तारखेला केला, तो परिपूर्ण होता का, मंडळाने त्रुटी कळवल्या का, हे शोधून काढा, आणि उपप्रादेशिक व प्रादेशिक अधिकाऱ्यांकडे लेखी हरकत नोंदवून आवक क्रमांकासह पोच घ्या. हरकतीत दोन गोष्टी स्पष्ट लिहा : अर्ज परिपूर्ण नाही, आणि संमतीविना उत्पादन सुरू असल्याने जल अधिनियमाच्या कलम ३३अ खाली बंदीचे निर्देश द्यावेत. उद्या मानीव संमतीचा बचाव पुढे आला, तर ही पोच तुमच्या उपयोगी पडेल.

कुठे जावे, याचे उत्तर तुमची तक्रार मुळात कोणत्या निर्णयाविरुद्ध आहे यावर ठरते. राष्ट्रीय हरित न्यायाधिकरण, ज्याला वर्तमानपत्रे हरित लवाद म्हणतात, त्याचे पश्चिम विभागीय खंडपीठ पुण्यात आहे. त्याचा अधिकार २०१० च्या अधिनियमाच्या पहिल्या अनुसूचीतील सात कायद्यांच्या अंमलबजावणीशी बांधलेला आहे : जल अधिनियम १९७४, जल उपकर अधिनियम १९७७, वन संवर्धन अधिनियम १९८०, वायु अधिनियम १९८१, पर्यावरण संरक्षण अधिनियम १९८६, सार्वजनिक दायित्व विमा अधिनियम १९९१ आणि जैवविविधता अधिनियम २००२. या यादीत नगरपरिषद अधिनियम नाही, महानगरपालिका अधिनियम नाही, ग्रामपंचायत अधिनियम नाही आणि नगररचनेचा १९६६ चा कायदाही नाही. म्हणून ‘नगरपरिषदेने तिच्या कायद्याचे उल्लंघन करून परवाना दिला’ एवढाच मुद्दा घेऊन लवादाकडे गेलात, तर अधिकारक्षेत्राच्या पहिल्याच आक्षेपावर अडकाल. तोच अर्ज ‘संमतीविना सांडपाणी सोडून जल अधिनियमाच्या कलम २४ व २५ चा भंग होत आहे आणि स्थानिक संस्था त्याला हातभार लावत आहे’ असा मांडला, तर तो लवादाच्या कक्षेत बसतो. ध्वनीच्या तक्रारीही याच वाटेने जातात, कारण २००० चे ध्वनिप्रदूषण नियम पर्यावरण संरक्षण अधिनियमाखालचे आहेत. निवासी क्षेत्रात दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबल ही त्यांतली मर्यादा आहे.

परवान्याचाच आदेश रद्द करून घ्यायचा असेल, तर घटनेच्या अनुच्छेद २२६ खाली मुंबई उच्च न्यायालयात रिट याचिका हा मार्ग आहे. तुमचा जिल्हा ज्या पीठाकडे असेल तिथे, म्हणजे मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर किंवा ऑगस्ट २०२५ पासून सुरू झालेल्या कोल्हापूर सर्किट बेंचकडे ती दाखल होईल. हरित लवाद आल्यामुळे उच्च न्यायालयाचा हा अधिकार संपला, असा एक गैरसमज बराच काळ होता. २०२२ मध्ये मध्य प्रदेश उच्च न्यायालय अधिवक्ता संघटनेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तो स्पष्ट शब्दांत दूर केला. तरीही प्रश्न पाण्याच्या गुणवत्तेचा, नमुन्यांचा आणि शुद्धीकरण यंत्रणेच्या क्षमतेचा असेल, तर उच्च न्यायालय बहुतेक वेळा ‘पर्यायी उपाय उपलब्ध आहे’ असे सांगून लवादाकडे पाठवते. झोनचा भंग, अधिकार नसताना दिलेला परवाना, किंवा हरकत असूनही तिच्यावर निर्णयच न देणे, असे शुद्ध कायदेशीर दोष असतील तर रिट टिकते.

तिसरी वाट मंडळाने संमती दिल्यानंतरची आहे. जल अधिनियमाचे कलम २८ ‘व्यथित व्यक्ती’ला संमतीच्या आदेशाविरुद्ध तीस दिवसांत अपील प्राधिकरणाकडे जाऊ देते, आणि त्या प्राधिकरणाच्या आदेशाविरुद्ध हरित न्यायाधिकरण अधिनियमाच्या कलम १६ खाली लवादाकडे अपील होते. मधली पायरी गाळता येत नाही. तमिळनाडूतील स्टरलाइट तांबे कारखान्याच्या २०१९ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने याच मुद्द्यावर लवादाचा आदेश बाजूला ठेवला. प्रदूषण झाले की नाही या प्रश्नापर्यंत प्रकरण पोचलेच नाही. एवढ्या मोठ्या प्रकरणात जे झाले ते तुमच्या प्रकरणातही होऊ शकते, म्हणून संमती मिळाल्याचे कळताच ते तीस दिवस मोजायला लागा.

दिवाणी दाव्याबद्दल लोक नेहमी विचारतात. ज्या वादावर लवाद निर्णय देऊ शकतो, त्यावर दिवाणी न्यायालयाला हरित न्यायाधिकरण अधिनियमाच्या कलम २९ ने मज्जाव आहे, त्यामुळे मी ती वाट सुचवत नाही. त्यापेक्षा दोन प्रशासकीय वाटा अधिक उपयोगाच्या आहेत. १९६५ च्या अधिनियमाच्या कलम ३०८ खाली, नगरपरिषदेचा एखादा आदेश किंवा ठराव लोकांना इजा किंवा उपद्रव करणारा, सार्वजनिक हिताविरुद्ध किंवा बेकायदा असेल, तर जिल्हाधिकारी त्याची अंमलबजावणी लेखी आदेशाने स्थगित करू शकतात. आणि भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम १५२, म्हणजे जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम १३३, कार्यकारी दंडाधिकाऱ्याला सार्वजनिक उपद्रव दूर करण्याचा सशर्त आदेश देऊ देते. १९८० च्या रतलाम नगरपालिकेच्या प्रकरणात याच जुन्या कलमाच्या आधारे सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की पैसे नाहीत ही सबब पुढे करून नगरपालिका आपले वैधानिक कर्तव्य टाळू शकत नाही. या अर्जांमुळे लवादाची मुदत थांबत नाही, हे मात्र विसरू नका. ते सोबतीने करा, आणि मुख्य अर्जात त्यांचा उल्लेख लपवू नका. एकाच मागणीसाठी दोन न्यायपीठांपुढे एकाच वेळी गेलात आणि ते दडवले, तर तुमची बाजू खरी असूनही न्यायालयाचा विश्वास गमावून बसाल.

यापुढचा भाग मी थोडा सविस्तर लिहितो, कारण माझ्या पाहण्यातील बहुसंख्य प्रकरणे पुराव्यावरच फसली आहेत. सर्वांत आधी नगरपरिषदेतील त्या परवान्याची संपूर्ण फाईल माहितीच्या अधिकारात मागा. फक्त परवान्याची प्रत मागू नका. मूळ अर्ज, जोडपत्रे, स्थळ पाहणीचा अहवाल, टिपणीची पाने आणि ना हरकत दाखले, सर्व काही मागा आणि अभिलेखांची प्रत्यक्ष पाहणीही मागा. शुल्क दहा रुपये आहे आणि उत्तराची मुदत तीस दिवस. तुमच्याकडे तेवढेच दिवस असल्याने अर्ज आजच द्या, आणि उत्तर वेळेत न आल्यास अर्जाची पोच जोडून लवादापुढे ‘कागद मागवून घ्यावेत’ अशी विनंती करा.

फाईल हाती आली की मी प्रथम अर्जातील ‘व्यवसायाचे स्वरूप’ हा रकाना वाचतो. अशा एका फाईलमध्ये त्या रकान्यात ‘तयार कपडे शिलाई व इस्त्री’ असे लिहिलेले होते. पाहणी अहवाल अर्ध्या पानाचा होता, त्यात सांडपाण्याचा शब्दही नव्हता, आणि टिपणीच्या शेवटी ‘परवाना देण्यास हरकत नसावी’ अशी ठरलेली ओळ होती. शिलाईचा परवाना घेऊन तिथे रंग उतरवण्याचे ड्रम आणि बॉयलर चालत होते. मग आमचा युक्तिवाद बदलला. चुकीचा परवाना दिला असे म्हणण्याची गरजच उरली नाही. या कामासाठी परवाना कधी दिलाच गेला नव्हता, एवढे दाखवणे पुरले. तुमच्या फाईलमध्ये तो रकाना, मंजूर अश्वशक्ती आणि चतुःसीमा बारकाईने पाहा, आणि झोन दाखला काढून परवान्यातील सर्व्हे क्रमांकाशी जुळवा. राज्यातील बहुतेक शहरांना लागू असलेल्या २०२० च्या एकत्रित विकास नियंत्रण नियमावलीत निवासी क्षेत्रात कोणते उद्योग चालतात हे दिलेले आहे. तिथे हा कारखाना बसत नसेल, तर परवान्याच्या वैधतेवरच घाव बसतो.

मंडळाकडील कागदांत संमती अर्जाची प्रत मिळवा. त्यात रोजचा पाणीवापर आणि सांडपाणी घनमीटरमध्ये नमूद केलेले असते, आणि हा आकडा कमी दाखवण्याकडे कल असतो. समजा अर्जात रोज १५ घनमीटर पाणी लिहिले आहे. तुम्ही रस्त्यावरून, कोणाच्या जागेत न शिरता, रोज किती टँकर आत जातात याची वेळेसह वही ठेवली आणि दहा हजार लिटरचे सहा टँकर दिसले, तर एका टँकरचे १० याप्रमाणे ते ६० घनमीटर झाले. मग १५ घनमीटरसाठी आखलेली शुद्धीकरण यंत्रणा उरलेले पाणी कुठे सोडते, हा प्रश्न न्यायपीठ स्वतःहून विचारते. दहा दिवसांची अशी प्रामाणिक वही, लिहिणाऱ्याच्या प्रतिज्ञापत्रासह, शंभर सह्यांच्या निवेदनापेक्षा जास्त काम करते.

पाण्याच्या नमुन्याबाबत एक तांत्रिक गोष्ट नीट समजून घ्या. जल अधिनियमाच्या कलम २१ मध्ये सांडपाण्याचा नमुना कसा घ्यायचा याची रीत घालून दिली आहे : ताबेदाराला त्याच वेळी नोटीस द्यायची, त्याने मागणी केल्यास नमुन्याचे दोन भाग करायचे, डबे मोहरबंद करायचे आणि दोघांच्या सह्या घ्यायच्या. ही रीत पाळली नसेल तर अहवाल त्या कायद्याखालच्या कार्यवाहीत पुरावा म्हणून चालत नाही. ही रीत मंडळाच्या अधिकाऱ्यांसाठी आहे, ती तुम्हाला पाळता येणार नाही. म्हणून कारखान्याच्या नळीतून नमुना घेण्याच्या भानगडीत पडू नका. तुमच्या विहिरीचे आणि नाल्याचे पाणी मात्र तुम्ही मान्यताप्राप्त प्रयोगशाळेकडून, त्यांच्याच माणसाला जागेवर बोलावून, तारीख-वेळ-ठिकाण नोंदवून तपासून घ्या. लवाद साक्षीपुराव्याच्या कायद्याने बांधलेला नसल्याने असा अहवाल प्रथमदर्शनी पुरावा म्हणून पुरतो आणि मंडळाला रीतसर नमुने घ्यायला भाग पाडतो. नमुना एकाच विहिरीचा घेऊ नका. नाल्याच्या वरच्या अंगाची, कारखान्याच्या आधीची एक विहीर घ्या आणि खालच्या अंगाच्या दोन घ्या. वरचे पाणी चांगले आणि खालचे बिघडलेले, हे एका दिवशीच्या नमुन्यांतून दिसले की ‘इथले भूजल मुळातच क्षारयुक्त आहे’ हा नेहमीचा बचाव लंगडा पडतो. विहिरीसाठी पिण्याच्या पाण्याचे भारतीय मानक १०५०० पाहा. त्यात एकूण विरघळलेल्या क्षारांची स्वीकार्य मर्यादा लिटरला ५०० मिलिग्रॅम आहे आणि दुसरा स्रोतच नसेल तर २,०००. नाल्यात सोडायच्या सांडपाण्यासाठी सर्वसाधारण मर्यादा जैविक ऑक्सिजन मागणी ३० आणि रासायनिक ऑक्सिजन मागणी २५० मिलिग्रॅम प्रति लिटर अशी आहे; पाण्यातील घाण किती ऑक्सिजन खाते याची ही मापे आहेत. संमतीपत्रात याहून कडक अट असेल तर ती अट धरायची. दोन्ही मानके एकमेकांत मिसळू नका. नाल्याच्या पाण्याला पिण्याच्या पाण्याचे मानक लावलेले अर्ज मी पाहिले आहेत, आणि अशा एका चुकीने बाकीच्या अहवालावरही संशय येतो.

मंडळाचे क्षेत्र अधिकारी पाहणीला येतील तेव्हा तिथे हजर राहा, पंचनाम्यात आपले म्हणणे लिहून घ्या, आणि ते लिहायला नकार मिळाला तर त्याच दिवशी ईमेलने कळवा. लवाद पहिल्या-दुसऱ्या तारखेला बहुधा जिल्हाधिकारी आणि मंडळाचे प्रतिनिधी यांची संयुक्त समिती नेमतो. तिचा अहवाल म्हणजे निकाल नव्हे. कांठा विभाग युवा कोळी समाजाच्या प्रकरणात २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बजावले की न्यायनिर्णयाचे काम लवादाला समितीवर सोपवता येत नाही. अहवाल तुमच्याविरुद्ध गेला तर त्यावर मुद्देसूद हरकत घ्या : पाहणीच्या दिवशी कारखाना बंद होता का, आधी सूचना दिली होती का, नमुने कुठून घेतले.

अर्जाची लागत फार नाही. भरपाई मागितली नसेल तर लवादाचे शुल्क एक हजार रुपये आहे. भरपाई मागितल्यास मागितलेल्या रकमेच्या एक टक्का, पण किमान एक हजार. मराठी कागदांची इंग्रजी भाषांतरे जोडावी लागतात, त्याला वेळ जातो, तो आधीच धरा. प्रतिवादींमध्ये कारखान्याचा मालक, नगरपरिषद, मंडळ आणि जिल्हाधिकारी या सगळ्यांना घ्या. ज्याचा परवाना जाणार आहे त्यालाच पक्षकार न करता मिळवलेला आदेश टिकत नाही, आणि टिकूही नये.

समोरून काय येईल? व्यवसायाचे स्वातंत्र्य, कर्ज काढून केलेली गुंतवणूक, कामगारांचा रोजगार आणि ‘हे सर्व एका स्पर्धकाने घडवून आणले आहे’ हा आरोप. यांतील शेवटचा आरोप गंभीरपणे घ्या. अर्जदारांत कोणाचा त्या मालकाशी जमिनीचा वाद असेल किंवा कोणी त्याच धंद्यात असेल, तर त्याला पुढे करू नका. ज्यांच्या विहिरी बिघडल्या त्यांनीच अर्ज करावा. खोट्या किंवा उपद्रवी दाव्यावर लवाद २०१० च्या अधिनियमाच्या कलम २३ खाली खर्च बसवू शकतो आणि अंतरिम मनाईमुळे बुडालेला नफाही त्यात धरू शकतो. कामगारांचा मुद्दा मला स्वतःला नेहमी जड वाटतो, कारण ते बहुधा त्याच वस्तीतले असतात आणि रसायनांत हात घालून काम करणारेही तेच असतात. म्हणून मी मागणी अशी लिहितो की संमती मिळेपर्यंत आणि मंडळाने शुद्धीकरण यंत्रणा तपासून प्रमाणित करेपर्यंत पाण्याची प्रक्रिया बंद ठेवावी; शिलाई आणि इस्त्रीचे काम त्यातून वगळावे. अशी मोजूनमापून केलेली मागणी न्यायपीठाला मान्य करायला सोपी जाते.

कायद्याचे तत्त्व इथे तुमच्या बाजूने आहे. वेल्लोरच्या चर्मोद्योगांच्या प्रकरणात १९९६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सावधगिरीचे तत्त्व आणि ‘प्रदूषण करणाऱ्याने किंमत मोजावी’ हे तत्त्व भारतीय कायद्याचा भाग असल्याचे म्हटले, आणि आपली कृती पर्यावरणाला निरुपद्रवी आहे हे दाखवण्याचा भार उद्योग चालवणाऱ्यावर टाकला. २०१० च्या अधिनियमाच्या कलम २० ने ही तत्त्वे लावणे लवादावर बंधनकारक केले. पण भार त्याच्यावर आहे म्हणून तुम्ही रिकाम्या हाताने जाऊन चालत नाही; आधी धोक्याचे ठोस चिन्ह तुम्हाला दाखवावेच लागते, आणि ते तुमच्या वहीतून व अहवालांतून दिसते.

अंतरिम आदेशासाठी तीन गोष्टी सांगाव्या लागतात : प्रथमदर्शनी बाजू, सोयीचा तोल (आदेश दिल्याने किंवा न दिल्याने कोणाचे जास्त नुकसान होते) आणि भरून न येणारी हानी. पहिली गोष्ट संमती नसल्याने सिद्ध होते. तिसरीसाठी विहिरीच्या पाण्यावर कोण अवलंबून आहे, नळाचे पाणी किती दिवसांनी येते, घरात लहान मुले किंवा गरोदर स्त्री आहे का, हे प्रतिज्ञापत्रात साध्या भाषेत लिहा. न्यायपीठाला भूजल आणि जनजीवन यांवरचे मोठे परिच्छेद नको असतात. अमुक घरातील माणसे सहा तारखेपासून पाणी विकत आणतात, एवढे वाक्य पुरते.

मागण्या लिहिताना शेवटी एक खबरदारी घ्या. या धंद्यात बंदीचा आदेश झाला की तोच कारखाना भावाच्या किंवा नोकराच्या नावाने, नवा गुमास्ता आणि नवा परवाना काढून, त्याच शेडमध्ये पुन्हा सुरू होतो. म्हणून मनाई फर्मच्या नावावर मागू नका. ‘सदर सर्व्हे क्रमांकावरील सदर शेडमध्ये, कोणत्याही व्यक्तीने किंवा संस्थेने, वैध संमतीवाचून कापड धुण्याची किंवा रंगप्रक्रिया करू नये, आणि अशा कामासाठी नगरपरिषदेने मंडळाच्या संमतीची प्रत पाहिल्याशिवाय परवाना देऊ नये अथवा त्याचे नूतनीकरण करू नये’ अशी मागणी करा, शेडची वीजजोडणी आणि पाणीजोडणी यांचे ग्राहक क्रमांक त्यात नोंदवा, आणि आदेशाची प्रत वीज वितरण कंपनीच्या उपविभागीय कार्यालयाला स्वतः नेऊन द्या.